पाच दिवसांची चिठ्ठी

चिठ्ठीवर लिहिलं होतं :
सकाळी एक, रात्री एक, पाच दिवस.
संत्र्याच्या तोडणीत गुणवंता घोडीवरून पडलेला,
मणक्यात काहीतरी सरकलेलं,
अन् निम्मा बहर अजून झाडावर.

पहिली पट्टी मीच कापून दिली.
सहाव्या दिवशी तो परत आला.
पुढे चिठ्ठी घड्यांवर फाटायला लागली
तेव्हा दाखले काढायच्या दुकानातून
लॅमिनेट करून आणली त्यानं,
काउंटरवर ठेवली गुळगुळीत.
"आता नाई फाटत. दे वं माय."

मी दिली.
दोनाच्या चार, चाराच्या आठ.
मालक म्हणायचे, ओळखीचा माणूस,
उधारी ठेवत नाही.
खरं होतं ते.
चंद्रकलाच्या डोरल्यातले मणी एकेक गेले,
आमची उधारी राहिली नाही.

गावात त्याला कुणी व्यसनी म्हणत नव्हतं.
तोंडाला वास नाही, पाय अडखळत नाहीत.
"गोळ्या सुरू हायेत त्याच्या," म्हणायचे,
शुगरच्या माणसाला म्हणतात तसं.

मग तपासणीवाले आले. दहा दिवस शटर खाली.
तिसऱ्या रात्री चंद्रकला मागच्या दाराशी :
नाक गळतंय, पायात पेटके,
भर मे महिन्यात घोंगडीत थरथरतोय,
"अंगावर काटा, पिसं काढलेल्या कोंबडीवानी.
काऊन वं, कायच्या गोळ्या होत्या त्या?"

माझ्याकडे डी. फार्मचं प्रमाणपत्र आहे.
तेही लॅमिनेट केलेलं.

आता तो सहा चाळीसच्या एसटीनं अमरावतीला जातो.
दवाखान्यात सिस्टर जिभेखाली गोळी ठेवते.
विरघळेपर्यंत बोलायचं नाही, गिळायचं नाही.
"बाकावर आमी सात जण. एक मास्तर,
एक तं कॉलेजची पोट्टी हाय.
सारे तोंड मिटून, मयतीले बसल्यावानी."
मग स्वतःच हसतो, "गोळी सोडाले गोळी!"

दुकान स्टँडसमोरच. झाडू मारता मारता मी बघते.
पोळ्यानंतर चार दिवस तो दिसला नाही.
पाचव्या दिवशी आला, दाढी वाढलेली, चप्पल वेगवेगळी.
कंडक्टरनं बेल मारली नव्हती अजून.

काल दुकानात आला.
खिशात काहीतरी चकाकत होतं,
तीच चिठ्ठी, की दवाखान्याचं कार्ड,
कळलं नाही, विचारलंही नाही.
लेकीसाठी जंताचं औषध मागितलं त्यानं.
"किती दिवस द्यायचं?"

एकदाच, मी म्हटलं.
पैसे मोजताना परत म्हटलं,
एकदाच, गुणवंताभाऊ.