कवचबीज

इतवारीच्या किराणा ओळीत आमचं दुकान.
पाटीवरची अक्षरं उडाली, वास तेवढा शिल्लक.
दिवाळी झाली की देवलापारहून सुकवारो उईके येते.
तिच्या पोत्याला मी अजून हात लावत नाही.

खाजकुइली.
सोनेरी मखमल, वासराच्या कानासारखी,
आणि चावते.
"वाऱ्याकडं पाठ करून उभा राय ना बाप्पा!"
सुकवारो हसते, राखेनं शेंगा चोळते, फोडते,
काळ्या गुळगुळीत बिया टोपल्यात
टप टप.
कोवळी असली तर भाजीही करते म्हणे,
दोन पाणी फेकून, तिसऱ्या पाण्यात.

सातवीत होतो.
सेमिनरी हिलवरून पुडीत आणली होती हीच लव,
ढोमणे सरांच्या खुर्चीवर फुंकली.
फळ्यावर वैनगंगा अर्धीच राहिली त्या दिवशी,
भंडाऱ्याच्या अलीकडे.
नाव कोणीच सांगितलं नाही.

काल सर आले.
चिठ्ठी हातात फडफडत होती
आणि वारा तर नव्हता.
"कवचबीज आहे का? शंभर ग्राम.
वैद्य म्हणतात, दुधात शिजवून सोलायचं."
तराजूचा काटा थांबेना.
"कशाचं बी असते रे हे?"
"वेलीचं, सर."
पुडीला दोरा दोनदा गुंडाळला.

पैसे मोजता मोजता
एक नाणं निसटून गल्ल्याखाली गेलं त्यांचं.
मी वाकलो.
नाणं लगेच सापडलं,
तरी बराच वेळ वाकलेलाच राहिलो.