वि.

डिचोलीच्या मामलेदार कचेरीसमोर
एकतीस वर्षं मी टाइप केली माणसांची भांडणं.
भाटकार विरुद्ध मुंडकार, भाऊ विरुद्ध भाऊ,
एकदा एका बावीसाठी सासू विरुद्ध सून,
आणि त्या दोघी माझ्याच बाकड्यावर बसून
एकाच बाटलीतला लिंबूसोडा प्यायल्या.

आता मला लविता शिकवते.
कायद्याच्या चौथ्या वर्षाची पोर,
दर शनिवारी म्हापशाच्या बसने येते.
वाचनालयात मागच्या भिंतीला एकच संगणक,
त्याच्यावर ज्ञानकोश, त्यात मुंडकारांवरचा लेख.
चार ओळींचा.
चारही ओळींच्या शेपटाला लटकलंय : संदर्भ हवा.

"दोन महिरपी कंस उघडा, आंटी.
मग उभी दांडी. मग खटल्याचं नाव, तिरपं.
अधिनियम मात्र सरळच ठेवायचा.
मग वर्ष, न्यायालय, खंड, पान.
आणि विरुद्ध पूर्ण लिहू नका.
वि. आणि टिंब, पुरे."

पुरे?
माझ्या यंत्रात तिरपं अक्षर नव्हतंच.
नावाखाली रेघ ओढायची, कळ कळ कळ,
कागद ओला असला की नाव खालून फाटायचं.
आणि इथे एक कंस मिटायचा राहिला
तर अख्खं पान लाल होऊन ओरडतं.
आमच्याकडे दार उघडं राहिलं
तर फार तर मांजर यायचं.

मी म्हटलं, अगं, कायदा मला पाठ आहे.
पावसाआधी घर कोण शाकारतं,
फणसाचा पहिला गरा कुणाच्या पानात पडतो,
हे मी डोळ्यांनी बघितलंय.
"डोळे चालत नाहीत. छापलेलं हवं.
नाहीतर ते मूळ संशोधन होतं."
मूळ संशोधन!
बाबांना सांगायला हवं होतं.
तिसरीत शाळा सुटलेल्या माणसाने
भाटकाराच्या पायरीखाली उभं राहून
आयुष्यभर तेच केलं.

चौथ्या शनिवारी निवाड्यांचा खंड उघडला,
कसर लागलेला, वास जुन्या गोणपाटाचा,
आणि पान दोनशे बारावर बाबा.
घाडीचा गाडी झालेला.
बाबलो सीताराम गाडी, वि.,
आणि पुढे भाटकाराचं नाव,
सगळ्या उपाध्यांसकट, एक काना चुकलेला नाही.

माझी बोटं आपोआप घ वर गेली.
"दुरुस्त नाही करायचं, आंटी. छापलंय तसंच."
जराशाने, पडद्याकडे बघत, हळूच,
"आणि हा खटला तुम्ही नका घालू. घरचा आहे.
दुसरं कुणीतरी घालील."

दुसरं कुणीतरी.
बराच वेळ पंखाच तेवढा बोलत होता.

मग मी केपेकडचा एक खटला शोधला,
दोघंही अनोळखी, दोघंही एव्हाना मेलेले असतील.
कंस, दांडी, तिरपं नाव, वि., टिंब,
वर्ष, पान, कंस.
जतन केलं.
तिसऱ्या ओळीच्या टोकाला
बारीकसा एक चढून बसला,
कौलावर कावळा बसावा तसा.

बाबांच्या खटल्याचा निकाल काय लागला
ते मला विचारू नका.
मी घरची आहे.
पान दिलंय. उघडून बघा,
आणि गाडी या नावाखाली शोधा.