टन

मे महिना, दुपारचे तीन.
धरमपेठेतल्या माझ्या जर्मनच्या वर्गात
कूलर एकटाच शिकवतो आहे.
दौलत नगरारे आले,
डोक्याला दुपट्टा, प्लास्टिकच्या पिशवीत सहा पानं.
"हे मराठीत करून द्या जी बाई. पानामागं किती?"

एका पाणबुडीची सेवापुस्तिका.
सेवापुस्तिका हा शब्द त्यांचाच.
छत्तीस वर्षं मनसरच्या खाणीत
वजनकाट्यावर कारकून;
रुजू, रजा, बदली, निवृत्ती
एका रांगेत बघायची सवय.

बांधणी ब्रेमेन. नाव नाही, नुसता आकडा.
सराव: कील.
"कील म्हंजे खिळा."
मी म्हटलं, गाव आहे हो ते.
"असन. ठोकला त खिळाच."

पहिली फेरी: एकोणतीस दिवस, काही नाही.
दुसरी: तेल गळती, अर्ध्यातून परत.
तिसरीपासून तक्ता सुरू होतो.
तारीख, जहाज, झेंडा, टन.
चौथ्या ओळीवर त्यांनी बोट ठेवलं
आणि मी पुढे वाचायची थांबले.

"ह्यात माहा काका होता. सोमाजी.
मोतीबागेच्या शेडात फायरमन होता,
छोट्या लाईनच्या इंजनात कोळसा मारे.
मुकादमाशी भांडला, कलकत्त्याले गेला.
जहाजाच्या पोटात तोच कोळसा, तेच फावडं.
समुंदर तेनं पाह्यला का नाही, काय मालूम.
भट्टी त खालीच राह्यते ना जी."

मग ते कामाला लागले.
"चार हजार नवशे बारा टन.
मालासकट का मालाबिगर?
काटा कोणाचा?"

मला शोधावं लागलं. जाडा शब्दकोश, मग दुसरा.
हा टन वजनाचा नाही, दौलतराव.
शंभर घनफूट बंद जागा म्हणजे एक टन.
जहाज किती जड ते नाही,
आतून किती पोकळ, ते.

पाण्याचा पंप घरघरत राहिला.
भरलेला ट्रक, रिकामा ट्रक,
वजाबाकी, सही, शिक्का,
आयुष्यभर एवढंच केलेल्या माणसाला
मी सांगत होते
की त्या तक्त्यातलं सगळं बुडणं
हवेच्या मापात लिहिलंय.

"म्हंजे पोकळी बुडवली त्याईनं," ते म्हणाले.
"बरं. लिहा तसंच."

कूलरच्या वाऱ्याने पान उडालं.
त्यांनी खिशातून काळा दगड काढून त्यावर ठेवला.
मुठीएवढा, पण टेबल दचकलं.
"मनसरचा. मँगनीज.
माही माय टोपल्या वाहे. हे लढाईच्या आधी
हॅम्बुर्गले जाये, असं बाप सांगे.
पोलादात टाकतात.
शंभर किलोत किलोभर, लय नाही.
पण त्याच्याबिगर पोलाद ठिसूळ."
एवढं बोलून ते खिडकीबाहेर
गुलमोहराकडे बघत बसले.
मी काही विचारलं नाही. हिशेब
दोघांनाही येत होता.

शेवटचं पान दोन ओळींचं.
अमुक तारखेला शेवटचा संदेश,
त्यानंतर बेपत्ता. बावन्न जण.
"आमच्या तारेतबी हाच शब्द," ते म्हणाले.
"मिसिंग. पोस्टमननं वाचला.
आजी पुसे, मिसिंग कुठं आलं?
रेल्वे जाते का तिथं?"

पैसे मोजून दिले, पावती मागितली,
पावतीवर माझी तारीख चुकली होती, ती सुधारून घेतली.
दुपट्टा आवळून उन्हात गेले.
दगड राहिला. चौथ्या ओळीवर काळा डाग,
माझ्या बोटांवरही.

दोन वेळा फोन केला, उचलला नाही.

संध्याकाळी गोकुळपेठेच्या बाजारात
काय वाटलं कोण जाणे,
भाजीवालीच्या काट्यावर तो ठेवला.
दुसऱ्या पारड्यात तिनं वजनं टाकली,
एक काढलं, एक टाकलं,
काटा धरून थांबली,
आणि म्हणाली,
"एवढ्याचं काय देऊ, ताई?"