वरचे दात

उदगीरला, देगलूर रोडवर, झेरॉक्सच्या दुकानावरल्या खोलीत
मी एक बोकड काढला. दंतमंजनाची जाहिरात, तीस सेकंद.
पार्टी म्हणाली : हसरा पाहिजे, बत्तीसच्या बत्तीस दिसू द्या.

दात भरले. रात्री अकराला प्ले दाबलं
तर ह्यानं तोंडच मिटून घेतलेलं.

"काय करूलालास बे मल्लिनाथ?
बोकडाला म्होरं वरचे दात असतेत का?
बाजारात कुण्या म्हाताऱ्याला बी इचार."

मी म्हटलं, तू बोकड नाहीस, रेघ आहेस.
"मग रेघेला दाढी कामून दिलास?"

रबर उगारला. त्यानं रबर हुंगला.
आवाज बंद केला, तर कानांनी बोलू लागला.
दोरी काढून कडुलिंबाला बांधला
तर फ्रेम दोनशे चारपर्यंत सगळा लिंब फस्त,
मग दोरी,
मग पार्टीच्या मोबाइल नंबरातले शेवटचे तीन आकडे.

"सेकंदाला चोवीस चित्रांचे पैसे घेतूस,
काढतूस बारा.
मधल्या बारात मी कुठं असतो, ठावं हाय का तुला?"

खरं तर नाही माहीत.

तेवढ्यात लाइट गेली. इन्व्हर्टर दोनदा कण्हला, मेला.
काळ्या पडद्यात माझंच तोंड
आणि कुठूनसा रवंथ केल्याचा आवाज,
निवांत.

सकाळी पार्टी आली. बघितलं. दोनदा बघितलं.
तोंड मिटून हसणारा बोकड, खाली सातच आकडे.
म्हणाली, दात कुठायत?

मी ओठ घट्ट मिटून घेतले.