उसनं आरमार

ये, ग्राझ्येला, बस. तो डबा उलटा घाल,
आधी ग्रीस पूस.
आपल्या देशाचं आरमार या एका धक्क्यावर मावतं,
मधे मासेवाल्यांच्या होड्यांना जागा सोडूनसुद्धा.

इतिहास हवा तर ऑफिसात जा,
तिथे तो भिंतीवर आहे, काचेमागे.
माझ्याकडे नुसते पापुद्रे.
ही खरवडणी घे, कुठल्याही म्हाताऱ्या बोटीच्या पोटाला लाव:
वर आपला करडा,
खाली दुसऱ्या कुणाचा, जरा निळसर,
मग हिरवा, मग शेंदरी,
मग गंज, आणि मग चीफ ओरडतो, भोक पाडशील!

थोरल्याचे कपडे धाकट्याला, तसं चाललं आपलं.
इंग्रज गेले, गोद्या ठेवून गेले, बोटी घेऊन.
लिबियाहून काही आल्या, कस्टमच्या.
अमेरिकेहून दोन, उथळ पाण्याच्या, आमच्या लाटांत
त्या नव्या सुनेसारख्या ओकायच्या.
मग तिकडे बर्लिनला भिंत पडली
आणि एक आख्खं आरमार भंगाराच्या भावात निघालं.
त्यातली ती. सुरुंग वेचणारी.

आपल्यात बोटींना नंबर असतात.
मी तिला कुन्याता म्हणायचो, म्हणजे सासू.
रात्रभर गुरगुरायची, पण घरी आणून सोडायची.

तिच्या प्रत्येक व्हॉल्व्हवर पितळी पट्टी:
आउफ. त्सू.
जर्मन कुणाला येत होतं?
पहिल्याच आठवड्यात त्सू म्हणजे उघडं समजलो
आणि गुडघाभर समुद्र आत घेतला.
चीफ नेनु फारूजाने माझी आई काढली,
माल्टीत, इटालियनमध्ये, शेवटी इंग्रजीत, कागदोपत्री.
तेव्हापासून मी पट्टीखाली खडूने लिहायचो,
मिफ्तूह, मालू. उघडं, बंद.
तेलात खडू टिकत नाही. दर महिन्याला पुन्हा.

फेब्रुवारीतली एक रात्र. दक्षिणेला, फार दक्षिणेला.
रबराची होडी, अर्धी मऊ पडलेली.
हात कमी पडले म्हणून मलाही वर बोलावलं,
बनियनवर, घामाने निथळत, त्या थंडीत.
एकसष्ट मोजले. नेनुने पुन्हा मोजले, साठ भरले.
त्यावर आम्ही कधीच बोललो नाही.

एक बाई वर आली, प्लॅस्टिकात गुंडाळलेला फोन दातांत धरून.
तो काढला आणि पहिलं काय विचारलं?
बोट कुणाची.
अरबीत. आमची भाषा तिची चुलत बहीण, अर्धं कळतं.
मी आजूबाजूला बघितलं.
लाईफ जॅकेटवर इटलीचा शिक्का,
ब्लँकेटवर कुठल्याशा इस्पितळाचं नाव,
पायाखाली जर्मन लोखंड,
झेंडा काळोखात.
ताना, म्हणालो मी.
हा शब्द दोघांच्याही भाषेत आहे.
त्याचा अर्थ आमची,
आणि त्याचाच अर्थ आपली.
तिने कुठला घेतला, कोण जाणे.
मान हलवली आणि बसली, इंजिनाच्या झाकणाला पाठ लावून,
तिथे ऊब असते.

पुढे कुन्यातेला निवृत्ती दिली.
बुडवायची ठरली, मुद्दाम, पाणबुड्या पर्यटकांसाठी.
तेल काढलं, तारा काढल्या, दारं काढली,
म्हणजे कुणी आत अडकायला नको.
व्हॉल्व्ह उघडायला मला पाठवलं,
भाषा मलाच येत होती ना.
आउफ. आउफ.
तिसरा अडकला, त्याला हातोडी लागली.
मी होडीत उतरलो तेव्हा ती एका कुशीवर वळत होती,
अंथरुणात वळतात तशी.

माझा भाचा जातो खाली, पैसे भरून.
म्हणतो, पट्ट्या अजून आहेत, मामा, हिरव्या झाल्यात.
खडूचं मी विचारलं नाही.

आता नवी येतेय. इटलीत बांधलेली, कोरी, आपल्या मापाची.
तिच्या पोटाला एकच रंग.
पट्ट्या म्हणे इंग्रजीत आहेत, तुला येतं इंग्रजी.
असू दे.
कोपऱ्यावरच्या दुकानात जा,
खडूची एक पेटी आण.