पोच

निरोप्या डॉट डीएलएल.
आकार दोनशे बारा केबी.
शेवटचा बदल चौदा वर्षांपूर्वी, मंगळवारी, पहाटे चार दहाला.
लिहिणारा पास्कोल लोपीस, मुक्काम गास, वसई.
आता निवृत्त. केळी लावलीत म्हणे.

मला सांगितलंय, ती काढून टाक.
गजबे साहेब म्हणाले, हे सगळं तयार मिळतं आता,
फुकट, आणि रोज कुणीतरी पुसूनपासून ठेवतं.
घरी पीठ दळायचे दिवस गेले.

खरंय.
काम तरी काय होतं त्या फाइलीचं?
ससून डॉकच्या काट्यावर वजन पडलं की उचलायचं,
पाकिटात घालायचं,
आणि बॅलार्ड पियरला आमच्या सर्व्हरचं दार वाजवायचं.
ऐकू येतंय का?
येतंय, बोल.
बोंबील, बेचाळीस किलो, टोपली नऊ.
मिळाले.
हे शेवटचं 'मिळाले' आलं नाही तर थांबायचं,
पुन्हा वाजवायचं. तीनदा.
याला आम्ही पोच म्हणतो.

आई पाहुण्यांना माझ्याबद्दल सांगायची, हिला पोच नाही.
तेव्हा कळलं नव्हतं
की हा इतका तांत्रिक दोष आहे.

नवी लायब्ररी शुक्रवारी बसवली.
देखणी आहे. साडेतीनशे पानांचं माहितीपत्रक.
तीस सेकंद वाट बघते
आणि मग सभ्यपणे कळवते, पलीकडे कुणी नाही.

शनिवारी पहाटे फोन. काट्यावरची हिरकणी भांजी.
"अगो पोरी, अकरा टोपल्या गिळल्या तुज्या मशीननी.
म्हावरा हाय, बरफ हाय, पावती नाय."

टॅक्सीनं पंधरा मिनिटं.
गोदीत दिव्यांखाली सगळं ओलं,
बुटांत खवल्यांचं पाणी,
उपड्या क्रेटवर माझा लॅपटॉप, त्याच्यावर एक माशी.
लॉग चाळत होते
तेवढ्यात शेजारच्या शेडमध्ये बर्फ फोडायचं यंत्र सुरू झालं.

ट्यूब पिवळी पडली.
काट्यावरचे आकडे थरथरले.
राउटरचा हिरवा दिवा गेला.

बोलून उपयोग नव्हता एवढा आवाज.
आम्ही दोघी उभ्या. मी मनात मोजत होते.
एकोणतीस. तीस.
इथं नवीनं आशा सोडली असणार.
अडतीस.
हिरकणीनं पदरानं काटा पुसला, सावकाश,
जशी रोज पुसत असावी.
एकेचाळीसला यंत्र थांबलं.
दिवा परत यायला आणखी चार.

जुन्या फाइलीच्या मूळ मजकुरात, ओळ सहाशे तेरा :
वाट पाहा = ४७
आणि शेजारी, दोन तिरक्या रेघांपुढे,
'सत्तेचाळीसच ठेवा. कारण गोदीत येऊन बघा. पा. लो.'

सहा वर्षं ही ओळ वाचतेय मी.
एकदा तर चहाच्या टेबलावर वाचूनही दाखवली होती,
हसलो होतो सगळे.

अकरा टोपल्या हातानं भरल्या.
हिरकणीनं वजनं तोंडपाठ सांगितली,
मांदेली एकोणीस, बोंबील बेचाळीस, परत बोंबील चाळीस,
एकदाही न अडखळता.
मी विचारलं, लिहून ठेवता का कुठं?
ती म्हणाली, लिवायचा काम तुजा ना गो?

नव्या लायब्ररीत तीस खोडून सत्तेचाळीस केलं.
शेजारी कारण लिहायला घेतलं,
यंत्र, विजेचा दाब, राउटर, सगळं नीट,
आणि खोडलं.
त्यांचंच वाक्य ठेवलं. खाली माझी आद्याक्षरं.
निरोप्या पुसली नाही,
'जुने' नावाच्या फोल्डरात सरकवली.
गजबे साहेबांना अजून सांगितलेलं नाही.

दुपारी गासला फोन लावला.
वाजला, वाजला, बंद झाला.
केळीत असतील.
थांबले. पुन्हा लावला.

अजून एकदा नियमात बसतं.