खाच

गेल्या गुरुवारी तिघं आले, बुलेटवरून.
गमछ्यात गुंडाळलेली तलवार बाकावर ठेवली
अर्धवट कोरलेल्या भोपळ्याशेजारी.
"सरसेनापतींची आहे," म्हणाले.
"स्मारकात काचेच्या पेटीत ठेवायचीय.
धार नको, नुसती चकाकी पाहिजे.
आणि ही खाच तेवढी बुजवा."

सरसेनापती.
मी त्याला जाल्या म्हणायचो. जालिंदर मालगावे,
सहावी ब, शाळा सुटली की आमच्या पायरीवर.
अब्बा जवारी काढायचे, उंटाच्या हाडाच्या घोडीवर
कानशीचा एक घासा, मग कान.
जाल्या डोळे मिटून सांगायचा, "अजून केसभर."
तार आणि हाड यांच्यामध्ये सुताचा दोरा सरकवतात,
त्याला आमच्यात जीव म्हणतात.
जीव लावायला अब्बा त्यालाच बसवायचे.
माझी बोटं जाड.

त्याच कानानं पुढं त्यानं गर्दी ऐकली.
कुठल्या शब्दाला माणसं सैल पडतात, कुठल्या शब्दाला ताठतात,
ट्रकच्या फळीवर उभा राहून
केसभर, अजून केसभर.
मीही ऐकलं होतं एकदा, पानपट्टीच्या आडून.
काय सांगू, सुरात होता.

मग एका रात्री पोतं घेऊन आला. सत्तावीस पाती.
"शिकलगार ना तुम्ही? पणज्याचंच काम आहे तुझ्या."
खोटं नव्हतं. पणज्यानं तलवारी उजळल्या,
तलवारी संपल्या तेव्हा मिरजेत त्याच हातांनी तंबोरे धरले.
मी म्हटलं, सहाण फुटलीय.
सहाण त्याच्या पायाशी होती. अखंड.
बघितली त्यानं. हसला. पाणी मागून प्यायला.
जाताना बाकावरची कानस उचलली,
अब्बांची, बाभळीच्या मुठीची.
ठेव, असं मी म्हणालो नाही.

पुढचे चार दिवस गावात सगळ्यांना पाठ आहेत,
प्रत्येकाला वेगळे.
खाजाभाई रफूवाले शटर ओढत होते.
त्यांच्यातल्याही एकाचा, पोपट कोळ्याचा थोरला,
मिसरूड फुटायचं होतं अजून.
जाल्या सीमेपलीकडं गेला,
अथणीच्या लॉजवर काविळीनं मेला,
रजिस्टरात भलतंच नाव लिहून.

आता त्याचे नुसते डोळे असतात, नंबरप्लेटवर.
त्याला कधी न पाहिलेली पोरं त्याच्यासारखी दाढी राखतात.
जयंतीला डीजे गल्लीतून जातो
तेव्हा माझ्या भिंतीवरचे बारा तंबोरे
कुणी हात न लावता गुणगुणायला लागतात.
बायको म्हणते, तारा उतरवून ठेवा.
त्याची आई वर्गणी देत नाही, असं ऐकतो.

खाचेवरून अंगठा फिरवला.
शटर असेल. हाड असेल.
जन्मभर हाडच घासलंय, तरी सांगता येत नाही.
पण शेजारी तिरप्या रेघा आहेत बारीक,
दर पाचवी रेघ खोल.
अब्बांच्या कानशीचा एक दात वाकडा होता.

बुजवता येईल. थोडं डाख, अर्ध्या तासाचं काम.
दीड हजार आगाऊ दिलेत, डब्यात आहेत, मोडले नाहीत.
उद्या परत गुरुवार.

कोल्हापूरच्या एका मुलीचा तंबोरा आलाय,
तो आधी घेतला.
हाडावर कानस टेकवली. एक घासा. ऐकलं.
अजून लागेल की झालं,
समजेना.